मँचेस्टरचं १८३० सालचं रेल्वे मालगोदाम : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

रेल्वेचा इतिहास म्हटलं की आपल्याकडे गाडी बोरीबंदरहून सुटते, ठाण्याला पोहोचते आणि गोष्टही बहुधा तिथेच संपते. त्याआधीची बावीस-तेवीस वर्षं समजून घ्यायची, तर मँचेस्टरमधल्या एका जुन्या विटांच्या गोदामाकडे जावं लागतं. त्याबद्दल लोक जे विचारतात, त्याची ही उत्तरं.

ही इमारत नेमकी कुठे आहे?

इंग्लंडमधल्या मँचेस्टर शहरात, कासलफील्ड भागात. लिव्हरपूल अँड मँचेस्टर रेल्वे १५ सप्टेंबर १८३० रोजी सुरू झाली, तेव्हा मँचेस्टरच्या टोकाला लिव्हरपूल रोडवर तिचं स्टेशन होतं. रस्त्याला लागून प्रवाशांची इमारत आणि रुळांच्या पलीकडे, तिच्या समोरच, मालाचं गोदाम. दोन्ही इमारती अजून उभ्या आहेत आणि आज त्या सायन्स अँड इंडस्ट्री म्युझियमच्या आवारात येतात. सगळे कौतुक करतात ते स्टेशनाचं. माझ्या मते खरा ऐवज समोरचं गोदाम आहे.

जगातलं पहिलं रेल्वे गोदाम ते हेच का?

‘पहिलं’ म्हणताना जपून बोलावं. स्टॉकटन अँड डार्लिंग्टन रेल्वे १८२५ पासून चालू होती, कोळशाच्या खाणींमधले रूळ तर त्याहूनही जुने. त्यामुळे रेल्वेनं आलेला माल याआधी कुणी छपराखाली ठेवलाच नव्हता, असं म्हणता येणार नाही. आज शिल्लक असलेलं जगातलं सर्वांत जुनं रेल्वे गोदाम म्हणून मात्र याचीच गणना होते. इंग्लंडच्या वारसा यादीत ते १९७३ पासून पहिल्या श्रेणीत आहे.

ही रेल्वे प्रवाशांसाठी बांधली ना? मग गोदामाचं एवढं काय?

बांधली मुख्यतः मालासाठी. प्रवाशांनी मालकांना चकित केलं, ही नंतरची गोष्ट.

लिव्हरपूल हे बंदर आणि मँचेस्टर हे गिरण्यांचं गाव. मध्ये सुमारे ५० किलोमीटर. कापूस अटलांटिक ओलांडून लिव्हरपूलच्या गोदीत उतरायचा आणि तिथून पुढे पाण्यानंच जायचा, एक तर ब्रिजवॉटर कालव्यानं किंवा मर्सी आणि अर्वेल या नद्यांच्या जलमार्गानं. दोन्ही वाटा थोड्याच लोकांच्या मुठीत होत्या. उन्हाळ्यात पाणी कमी, हिवाळ्यात बर्फ, आणि बारा महिने दर चढे. समुद्र ओलांडायला लागतो त्याहून जास्त वेळ लिव्हरपूलहून मँचेस्टरला यायला लागतो, अशी तक्रार रेल्वेचे पुरस्कर्ते करत. त्यात प्रचाराचा भाग होता हे उघड आहे, पण ती लोकांना पटत होती हेही तितकंच खरं.

म्हणून संचालकांच्या डोळ्यांसमोर होत्या त्या गाठी आणि पोती. प्रत्यक्षात १८३१ या पहिल्या पूर्ण वर्षातच चार लाखांहून अधिक प्रवाशांनी प्रवास केला. माल मागे पडला असं नाही, त्याला जरा उशीर झाला इतकंच. प्रवासी गाड्या सप्टेंबरमध्येच धावू लागल्या. नियमित मालवाहतुकीला इंजिनं आणि वाघिणी पुरेशा नव्हत्या, म्हणून डिसेंबर उजाडला.

गोदाम किती दिवसांत बांधलं? कुणी?

एप्रिल ते सप्टेंबर १८३० या जेमतेम पाच महिन्यांत. कंत्राटदार डेव्हिड बेलहाऊस. हे घराणं मँचेस्टरमध्ये बांधकाम आणि लाकडाच्या व्यापारात नावाजलेलं होतं. आराखडा लिव्हरपूलचे वास्तुरचनाकार थॉमस हेग यांचा असावा, असं अभ्यासक मानतात. वारसा यादीतली नोंद मात्र श्रेय जॉर्ज आणि रॉबर्ट स्टीफन्सन या रेल्वे अभियंते असलेल्या बापलेकांना देते. मला हेग यांची बाजू जास्त पटते, कारण इमारतीच्या अंगोपांगी बंदरावरच्या गोदामांची रीत दिसते.

घाईचं कारण राजकीय होतं. मार्ग मुळात अर्वेल नदीच्या अलीकडे, सॅलफर्डच्या बाजूला थांबणार होता. नदी ओलांडून मँचेस्टरमध्ये शिरायची परवानगी १८२९ मध्ये मिळाली. म्हणजे नदीवरचा दगडी पूल, त्यापुढची कमानींची रांग, स्टेशन आणि गोदाम हे सगळं उद्घाटनाच्या तारखेआधी उभं करायचं होतं. त्या काळात मँचेस्टरच्या गिरण्या आगीच्या भीतीनं लोखंडी खांब आणि विटांच्या कमानी वापरू लागल्या होत्या. इथे तेवढा वेळ आणि पैसा कुठला? बाहेर वीट, आत बहुतेक लाकडी सांगाडा आणि आग पसरू नये म्हणून मध्ये आडव्या भिंती घालून पाडलेले कप्पे, असा मार्ग काढला गेला.

यातलं लाकूड जवळपास दोनशे वर्षं टिकलं. शेजारी १८३१ मध्ये बांधलेली कापसाची गोदामं मात्र १८६६ च्या आगीत गेली. हे वाचलं यात शहाणपण किती आणि नशीब किती, याचा हिशेब ज्याचा त्यानं करावा.

आत माल कसा यायचा?

या इमारतीचं खरं वैशिष्ट्य इथे आहे, त्यामुळे उत्तर लांबणार.

नदी ओलांडून आलेले रूळ जमिनीपासून बरेच उंच, कमानींवरून येतात. म्हणून रुळांच्या बाजूनं पाहिलं तर गोदाम दोन मजली दिसतं आणि अंगणाच्या बाजूनं तीन मजली. खाली तळघर वेगळंच. घाटातल्या उतारावरच्या घरात जसं एका बाजूनं माडीवर पाऊल पडतं आणि दुसऱ्या बाजूनं ओसरीवर, तसा प्रकार. वाघिणी मधल्या मजल्यात शिरायच्या आणि घोड्यांच्या गाड्या खालच्या अंगणात लागायच्या.

पण रूळ तर इमारतीला समांतर धावतात, मग वाघीण आत वळणार कशी? त्यासाठी फिरत्या चकत्या होत्या, ज्यांना आपण आज टर्नटेबल म्हणू. इंजिन आत येत नसे. वाघीण सोडवायची, चकतीवर ढकलायची, काटकोनात फिरवायची आणि माणसांनी किंवा घोड्यांनी रेटत दारातून आत न्यायची. तेव्हाच्या वाघिणी चार चाकांच्या, छोट्या, म्हणूनच हे जमायचं. आत माल उतरला की कप्पीला लावून वरच्या मजल्यावर चढवायचा किंवा फळीतल्या चौकोनी झडपेतून खाली सोडायचा. खाली गाडीवाला उभाच. सुरुवातीला हे ओढकाम हातानं व्हायचं. १८३१ मध्ये त्यासाठी वाफेचं इंजिन आलं.

आता कासलफील्डच्याच कालव्याकाठची जुनी गोदामं पाहा. तिथे नावा कमानीतून थेट इमारतीच्या पोटात शिरत आणि माल कप्पीनं वर जाई. रेल्वेच्या गोदामात तीच युक्ती आहे. फरक एवढाच की पाणी तळाला असतं आणि रूळ इथे वर आहेत, म्हणून बहुतेक माल खाली उतरतो. रेल्वेचं गोदाम कसं असावं हे त्या दिवशी कुणालाच ठाऊक नव्हतं. माहीत होतं ते कालव्याचं गोदाम. तेच उचललं आणि रुळांच्या उंचीला आणून बसवलं. पुढे रेल्वेनं स्वतःची रीत शोधली. लांब, एकमजली, मधोमध फलाट, एका बाजूला वाघिणी आणि दुसऱ्या बाजूला गाड्या. आपल्याकडचे तालुक्याच्या गावांतले मालधक्के साधारण त्या नंतरच्या घराण्यातले. १८३० ची ही इमारत त्याआधीची, अजून अंदाज घेत असलेली. म्हणूनच ती बघताना मजा येते.

उद्घाटनाच्या दिवशी इथे काय झालं?

गोदामात मालाऐवजी पंगत मांडली होती. पाहुण्यांचं जेवण वरच्या मजल्यावर ठेवलं होतं. पंतप्रधान ड्यूक ऑफ वेलिंग्टन स्वतः गाडीत होते. पण वाटेत पार्कसाइड इथे इंजिनं पाणी घ्यायला थांबली असताना खासदार विल्यम हस्किसन खाली उतरले आणि शेजारच्या रुळावरून आलेल्या ‘रॉकेट’ इंजिनाखाली सापडले. त्याच रात्री ते वारले. गाड्या मँचेस्टरला पोहोचल्या त्या बऱ्याच उशिरा, आणि तिथे जमलेला जमाव संतापलेला होता. सरकारविरुद्धचा राग जुना होता. १८१९ मध्ये याच शहरात सेंट पीटर्सच्या मैदानावर (पुढे ‘पीटर्लू’ म्हणून गाजलेल्या प्रसंगात) शांतपणे जमलेल्या लोकांवर घोडेस्वार घातले गेले होते, ते कुणी विसरलं नव्हतं. वेलिंग्टन गाडीतून उतरलेच नाहीत. पंगतीला बसले ते उरलेले पाहुणे.

पहिल्या मालगाडीत काय होतं?

याची नोंद चांगली तपशीलवार आहे. ४ डिसेंबर १८३० रोजी ‘प्लॅनेट’ हे इंजिन १८ वाघिणी घेऊन लिव्हरपूलहून निघालं. अमेरिकन कापसाच्या १३५ गाठी व पिशव्या, पिठाची २०० पिंपं, ओटच्या पिठाची ६३ पोती आणि माल्टची ३४ पोती. वाघिणींसकट सगळं वजन सुमारे ८० टन. वेळ लागला २ तास ५४ मिनिटं. जलमार्गानं ज्याला दीड दिवस लागला तरी लोक समाधान मानत, ते अंतर तीन तासांच्या आत.

अमेरिकन कापूस? म्हणजे गुलामांच्या श्रमातला?

हो. अमेरिकेच्या दक्षिणेतला कापूस तेव्हा गुलाम केलेल्या आफ्रिकन वंशाच्या लोकांकडून पिकवून घेतला जात होता, आणि मँचेस्टरच्या गिरण्या मोठ्या प्रमाणात त्यावरच चालत होत्या. रेल्वेत घातलेला पैसाही स्वच्छ नव्हता. कंपनीच्या प्रमुख प्रवर्तकांपैकी लिव्हरपूलचे बँकर जॉन मॉस यांचे दक्षिण अमेरिकेतल्या डेमेरारामध्ये गुलामांकरवी चालणारे मळे होते. वाफेच्या इंजिनाची गोष्ट सांगताना हा भाग फार वर्षं गाळला गेला. अलीकडे संग्रहालयानं तो मांडायला घेतला आहे, हे बरं झालं.

याला दुसरी बाजूही आहे. अमेरिकेत १८६१ मध्ये यादवी युद्ध पेटलं, कापूस थांबला आणि लँकेशायरमधल्या गिरण्या बंद पडल्या. लाखो कामगार उपाशी. तरीही १८६२ च्या अखेरीस मँचेस्टरच्या कामगारांनी सभा घेऊन अब्राहम लिंकन यांना पाठिंब्याचं पत्र पाठवलं, आणि लिंकन यांनी त्याला उत्तरही दिलं. शहरातल्या लिंकन चौकात त्यांचा पुतळा आहे. सगळेच कामगार इतके उदार होते असं समजू नये. लँकेशायरमध्ये दक्षिणेची बाजू घेणारेही होते.

मग आपल्या वऱ्हाडच्या कापसाचा याच्याशी काय संबंध?

थेट आहे. अमेरिकेवर सगळा भार टाकणं धोक्याचं आहे, हे मँचेस्टरच्या व्यापाऱ्यांना युद्धाच्या कितीतरी आधी कळलं होतं. १८४६ मध्ये तिकडचं पीक बुडालं आणि त्यांची नजर हिंदुस्थानकडे वळली. अडचण अशी की वऱ्हाडातला कापूस लमाणांच्या बैलांच्या पाठीवरून आठवडेच्या आठवडे चालत किनाऱ्याला यायचा, वाटेत धूळ खायचा, पावसाळ्यात तर अडकूनच पडायचा. म्हणून रेल्वे हवी. जॉन चॅपमन यांनी ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेची योजना मांडली, तिच्या मागे हा कापूस होता. मुंबईत जगन्नाथ शंकरशेठ आणि जमशेटजी जीजीभाई यांनी आपल्या बाजूनं जोर लावला होता; त्यांची कारणं अर्थात मँचेस्टरच्या कारणांहून वेगळी होती.

माणसंही तीच. जॉर्ज स्टीफन्सन यांचे पुत्र रॉबर्ट हे जीआयपीचे सल्लागार अभियंता आणि बोरघाटाची चढण काढणारे जेम्स बर्कली हे रॉबर्ट यांच्या हाताखाली तयार झालेले. १६ एप्रिल १८५३ ला ठाण्याला गेलेली गाडी ओढणारी साहिब, सिंध आणि सुलतान ही इंजिनं व्हल्कन फाउंड्रीत घडली. हा कारखाना न्यूटन-ले-विलोजचा, म्हणजे लिव्हरपूल आणि मँचेस्टरच्या मधल्या त्याच पट्ट्यातला.

पण युद्ध पेटलं तेव्हा रूळ वऱ्हाडात पुरते पोहोचले नव्हते. मुंबईत पैशाचा पूर आला, शेअरबाजार फुगला आणि १८६५ मध्ये युद्ध संपताच फुटला. गाडी नागपूरला पोहोचली १८६७ मध्ये, आणि खामगावचा फाटा झाला १८७० मध्ये, लॉर्ड मेयो यांच्या उपस्थितीत. म्हणजे ज्या टंचाईसाठी एवढा खटाटोप, ती सरल्यावर रूळ आले. कापूस मात्र पुढेही जातच राहिला आणि बदल्यात कापड येत राहिलं. खामगाव, अमरावती, हिंगणघाट या पेठांची पुढची भरभराट आणि त्यांच्याभोवतीच्या शेतकऱ्यांचं जगाच्या भावाला बांधलं जाणं, दोन्ही याच रुळांवरून आलं.

परतीच्या बाजूचं एक नाव मराठी वाचकाला सांगायची गरज नाही. आंबेगाव तालुक्यातल्या महाळुंगे पडवळचा गिरणी कामगार बाबू गेनू, १२ डिसेंबर १९३० रोजी मुंबईत काळबादेवीला विलायती कापडाच्या ट्रकसमोर उभा राहिला आणि चिरडला गेला. ते कापड मँचेस्टरच्या व्यापाऱ्याचं होतं. पहिली मालगाडी या गोदामाशी लागली त्याला त्याच आठवड्याच्या आसपास शंभर वर्षं झाली होती. तारखांचा हा योगायोग आहे, त्यापलीकडे काही नाही. व्यापार मात्र तोच होता.

प्रवाशांचं स्टेशन इतक्या लवकर का बंद झालं?

जागा गावाच्या कडेला होती आणि इतर कंपन्यांच्या मार्गांशी जोड नव्हती. मार्ग पुढे वाढवून हंट्स बँक इथे, म्हणजे आजच्या व्हिक्टोरिया स्टेशनला, नेला गेला आणि ४ मे १८४४ पासून लिव्हरपूल रोडला प्रवासी येणं थांबलं. अवघी चौदा वर्षं. त्यानंतर सगळं आवार मालाचं झालं.

याच पदावनतीनं इमारती वाचवल्या, असं माझं मत आहे. प्रवासी वाढत गेले असते तर १८३० ची ती छोटीशी इमारत पाडून तिथे लोखंडी छताचं भलंमोठं स्टेशन आलं असतं. बहुतेक सगळ्या पहिल्या स्टेशनांचं हेच झालं. आपलं मूळचं बोरीबंदरही व्हिक्टोरिया टर्मिनसच्या पोटात गेलं. मालाच्या यार्डात मात्र जोवर छप्पर गळत नाही तोवर कुणी पैसा घालत नाही, आणि पाडायलाही पैसा लागतोच.

हमाल, कारकून, गाडीवान यांच्याबद्दल काय कळतं?

संचालकांच्या मानानं फारच थोडं. स्टेशनाच्या प्रमुखाचं घर कोपऱ्यावर अजून आहे; ते रेल्वेआधीचं, १८०८ च्या सुमाराचं, आणि कंपनीनं विकत घेतलेलं. गोदामात गाठी ओढणाऱ्यांची कथा इमारतीतच वाचावी लागते. झिजलेल्या फळ्या, दोर घासून गोल झालेल्या कडा. माथाडी कायदा झालेल्या राज्यातून गेलेल्या माणसाची नजर तिथे आपोआप जाते.

एका पौंडाला विकलं हे खरं?

खरं. ब्रिटिश रेलनं मालाचं यार्ड १९७५ मध्ये बंद केलं. इमारती पडायला आल्या होत्या. १९७८ मध्ये ग्रेटर मँचेस्टर कौन्सिलनं नाममात्र एक पौंड देऊन जागा घेतली. खर्च पुढे दुरुस्तीचा होता. स्थानिक लोकांनी त्याच सुमारास संस्था स्थापून पाठपुरावा केला होता, त्यांचं श्रेय मोठं. १९८० मध्ये रेल्वेच्या दीडशेव्या वर्षाचं प्रदर्शन इथे भरलं, आणि १५ सप्टेंबर १९८३ ला, उद्घाटनाच्याच तारखेला, संग्रहालय उघडलं. गोदामाची दुरुस्ती नव्वदच्या दशकात झाली. ‘प्लॅनेट’ची चालती प्रतिकृतीही १९९२ मध्ये तयार झाली आणि आवारातल्या रुळांवर धावू लागली.

ऑर्डसॉल कॉर्डचा वाद काय होता?

शहरातली मोठी स्टेशनं एकमेकांना जोडणारा हा छोटा दुवा डिसेंबर २०१७ मध्ये सुरू झाला. त्यासाठी नव्या रुळांनी १८३० च्या मार्गाला आडवं छेदलं आणि या आवाराचा मुख्य रेल्वेजाळ्याशी असलेला संबंध कायमचा तुटला. वारसा जपणाऱ्यांनी हरकत घेतली, प्रकरण न्यायालयात गेलं, हरकत फेटाळली गेली.

दोन्ही बाजूंना मुद्दा होता. रोज खोळंबणाऱ्या प्रवाशाला १८३० शी काय देणंघेणं? आणि बदल्यात एक गोष्ट मिळाली: स्टीफन्सन यांच्या अर्वेलवरच्या दगडी पुलापुढे उभे असलेले नंतरचे लोखंडी पूल निघाले आणि त्याच्या दोन कमानी पुन्हा मोकळ्या दिसू लागल्या. तरीही पर्यायी आखणीचा विचार आणखी गंभीरपणे व्हायला हवा होता, असं मला वाटतं.

पाहायला जायचं तर?

प्रवेश विनामूल्य आहे. डीन्सगेट-कासलफील्डच्या ट्राम थांब्यावरून चालत जाता येतं. आवारात दुरुस्त्या टप्प्याटप्प्यानं चालतात आणि जुन्या इमारती अधूनमधून बंद असतात, तेव्हा निघण्याआधी संग्रहालयाच्या संकेतस्थळावर पाहून घ्या. स्टेशनच्या इमारतीत पहिल्या आणि दुसऱ्या वर्गाची दारं वेगळी आहेत, ती चुकवू नका. मग कमानींच्या वर जाऊन रुळांकडून गोदाम पाहा आणि खाली उतरून अंगणातून पुन्हा पाहा. दोन मजले आणि तीन मजले हा खेळ त्याशिवाय कळत नाही. वेळ असेल तर पाच मिनिटांवरच्या कालव्यावरही जा.

लिव्हरपूलकडचं टोकही असंच जपलंय का?

नाही. तिकडचं पहिलं स्टेशन क्राऊन स्ट्रीटला होतं. १८३६ मध्ये लाइम स्ट्रीट उघडल्यावर प्रवासी तिकडे गेले आणि इथल्यासारखाच मागे माल उरला. म्हणजे पदावनतीनं इमारती वाचतात हा माझा सिद्धांत तिथे लागू पडत नाही. मालाचं यार्ड १९७२ मध्ये बंद झालं, जागा साफ केली गेली आणि आता तिथे बाग आहे. बोगद्याच्या हवेसाठी बांधलेलं एक उंच विटांचं धुराडं मात्र बागेत अजून उभं आहे.